अनारसा हसू नये म्हणून घ्यावयाची काळजी

आधी शब्दाचा अर्थ. अनारसा तुपात सोडल्यावर गुमान जाळी धरून तांबूस होण्याऐवजी कडेने सुटला, पसरला आणि कणाकणाने कढईभर फिरायला लागला, की आपण म्हणतो 'अनारसा हसला'. पुरी फुगत नाही, करंजी फुटते, चकली मोडते, शंकरपाळ्याचा दगड होतो. हसतो एकटा अनारसा. तो कोणाला हसतो, हे कढईपुढे झारा घेऊन उभ्या असलेल्या माणसाला वेगळं सांगावं लागत नाही.

प्रस्तुत मार्गदर्शन मी स्वानुभवावर लिहीत आहे. अनुभव एकदाचाच आहे, पण अकरा दिवसांचा आहे.

अनारसे दोन निमित्तांनी होतात. एक दिवाळी. तेव्हा फराळात इतर आठ पदार्थ असतात, त्यामुळे अनारसे बिघडले तर ताटातून वगळता येतात आणि 'यंदा गूळच चांगला मिळाला नाही' एवढं म्हणून भागतं. दुसरं निमित्त अधिक महिना. तिथे सुटका नाही. चांद्र वर्ष ३५४ दिवसांचं, सौर वर्ष ३६५ दिवसांचं, म्हणजे दर वर्षी अकरा दिवसांची उधारी. बत्तीस-तेहतीस महिन्यांत ती महिनाभराची होते आणि पंचांगात एक महिना जादा घालून हिशेब मिटवला जातो. हिशेब पंचांगाचा मिटतो, बिल सासऱ्याच्या नावाने फाटतं. कारण या महिन्यात जावयाला ३३ नगांचं वाण द्यायचं असतं आणि ते नग सच्छिद्र लागतात. अनारसे, बत्तासे किंवा म्हैसूरपाक. काही भागांत पुरणाचे धोंडे करून वाढतात, म्हणून तो धोंड्याचा महिना. 'दुष्काळात तेरावा महिना' ही म्हण पाडणारा माणूस जावई नक्कीच नसणार.

२०२३ साली अधिक श्रावण आला, १८ जुलै ते १६ ऑगस्ट. मुलीच्या लग्नानंतरचा पहिलाच. जूनअखेर बायको बाथरूमच्या दारात घसरली आणि उजवं मनगट प्लास्टरमध्ये गेलं. मी बत्तासे सुचवले. दुकानात ३३ मोजून मिळतात, छिद्रं आयती असतात. आई ८२ वर्षांची आहे, तिने जपमाळ थांबवून माझ्याकडे पाहिलं. "बत्तासे?" एवढंच म्हणाली आणि माळ पुढे ओढली. अनारसे मी करणार हे असं ठरलं.

आता कृती.

जुने तांदूळ घ्यावेत. नवा तांदूळ चिकट, पीठ गच्च होतं. आम्ही जुना कोलम घेतला, अर्धा किलो. हा आकडा मी कागदावर काढला होता. अर्धा किलो तांदूळ भिजून निथळल्यावर साधारण सहाशे ग्रॅमच्या पुढे जातो, त्यात अर्धा किलो गूळ, म्हणजे अकराशे ग्रॅम पीठ. एका अनारशाला तीस ग्रॅम. अनारसे ३७. जावयाला ३३, राखीव चार. वाचकांना कळकळीची विनंती आहे की असा कागद करू नये. करायचाच असेल तर आलेल्या आकड्याची दुप्पट करावी आणि कागद फाडून टाकावा.

तांदूळ धुऊन तीन दिवस भिजत घालावेत आणि पाणी रोज बदलावं. यात अवघड काहीच नाही, फक्त दुसऱ्या दिवसापासून पातेल्याला वास येतो. तो यायलाच हवा. तांदूळ किंचित आंबतो, त्यातच पुढचं सगळं काम आहे. पण जुलैत दारं-खिडक्या बंद असतात. तिसऱ्या दिवशी समोरच्या ब्लॉकमधल्या वहिनी दारात उभ्या राहून, पदर नाकाकडे नेत, "तुमच्याकडेही ड्रेनेज तुंबलंय का हो?" असं विचारून गेल्या. अशा वेळी होय म्हणावं. अनारसे होणार आहेत हे बाहेर सांगू नये. नजर लागते, असं आई म्हणते. नजर लागो न लागो, डबा घेऊन लोक येतात हे नक्की.

चौथ्या दिवशी तांदूळ रोवळीत उपसून, निथळून पंच्यावर पसरावेत. सावलीत. 'सावलीत' हे प्रत्येक कृतीत लिहिलेलं असतं आणि ते ऑक्टोबरातल्या माणसाने लिहिलेलं असतं. जुलैत सावलीशिवाय दुसरं असतं काय? दिवाळीत तासाभरात जे काम होतं, त्याला आमच्याकडे सकाळचे अकरा ते दुपारचे चार लागले. पंखा जिथे बरोबर वर येतो अशी जागा घरात एकच होती, ती म्हणजे आमचा पलंग. पलंगावर पंचा, पंच्यावर तांदूळ, वर पाचवर पंखा, आणि बायको प्लास्टरचा हात उशीवर घेऊन बाहेर सोफ्यावर. ती काही बोलली नाही. तेही तिने लक्षात ठेवलं आहे, हे मला नंतर कळलं.

तांदूळ पुरता वाळवायचा नाही, ओला ठेवायचा नाही. याला शब्द आहे 'दमट', आणि दमट म्हणजे किती हे जगात कोणी लिहून ठेवलेलं नाही. आईची परीक्षा अशी की तांदूळ हाताला चिकटू नये, पण हाताला गार लागावा. नंतर पीठ दळून मुठीत दाबलं तर मुटका वळला पाहिजे आणि बोट लावलं तर तो मोडला पाहिजे. माझा मुटका वळला. मोडला नाही. इथेच थांबायला हवं होतं. मी मात्र 'छान वळला' म्हणून पुढे गेलो.

मिक्सरमध्ये थोडं-थोडं दळावं आणि मैद्याच्या चाळणीने चाळावं. चाळणीत उरलेलं पुन्हा दळावं, पुन्हा चाळावं. या कामाला मी पंधरा मिनिटं धरली होती. दोन तास गेले आणि चष्म्यावर, भुवयांवर, रेडिओवर पीठ बसलं. कोणी सांगेल की पूर्वी उखळात कांडत, त्याची चव निराळी. त्या व्यक्तीला चाळणी द्यावी.

आता गूळ. या विषयावर घराण्यांची पांगापांग झालेली आहे, म्हणून जरा सावकाश लिहितो.

आई म्हणते पीठ तेवढा गूळ. आत्या म्हणते पाऊणपट. वरवर हा पावपटीचा वाद वाटतो. खरा वाद मापाचा आहे. पीठ वाटीने मोजलं तर ते भुरभुरीत मोजायचं की दाबून? गूळ किसून वाटीत टाकला की दाबून भरला? भुरभुरीत पिठाच्या वाटीला दाबलेल्या गुळाची वाटी लावली, तर 'सारखं' म्हणता-म्हणता गूळ भलताच जास्त होतो. म्हणजे आई आणि आत्या कदाचित एकच प्रमाण सांगत असतील, एक दाबून आणि एक न दाबता, आणि चाळीस वर्षं एकमेकींशी दिवाळीपुरतं बोलत नसतील. मी हा शोध दोघींना सांगितला. दोघींनी, वेगवेगळ्या दिवशी, मला गप्प बसायला सांगितलं.

तुम्ही म्हणाल पुस्तक बघा. आमच्याकडे कमलाबाई ओगल्यांचं 'रुचिरा' आहे. पुस्तक १९७० सालचं, आमची प्रत बरीच अलीकडची, तरी पाठपुठ्ठा गेलेला आहे. स्वयंपाकाच्या पुस्तकात कोणती पानं खरी वापरात आहेत हे डागांवरून कळतं. आमच्या प्रतीत केकवर हळद आहे, कोफ्त्यांची दोन पानं एकमेकांना चिकटली आहेत. अनारशाचं पान कोरं करकरीत. कारण पुस्तकातून अनारसे करणारी बाई आमच्या घरात झालीच नाही. त्यांना ते येत होते, आणि ज्यांना येत नव्हते त्यांनी करून पाहिले नाहीत.

मी वजनकाटा काढला. सहाशे ग्रॅम पिठाला पाचशे ग्रॅम गूळ, एक चमचा साजूक तूप. गूळ चिकीचा घेऊ नये, साधा घ्यावा, बारीक किसावा, खडा राहू देऊ नये. खडा राहिला तर तळताना तिथे भोक पडतं. सगळं घट्ट मळून, त्याचे मुटके करून डब्यात घट्ट झाकण लावून ठेवावेत. पाणी एक थेंब घालायचं नाही. हीच आपल्या अनारशाची गंमत आहे. तमिळ अधिरसम, तेलुगू अरिसेलु, कन्नड कज्जाय ही सगळी याच गोतावळ्यातली भावंडं, पण ती मंडळी गुळाचा पाक करून त्यात पीठ मिसळतात. गूळ किती पातळ झाला ते त्यांना डोळ्यांनी दिसतं. आपण कच्चा गूळ घालतो आणि पिठातल्या दमटपणाने तो आतल्या आत सुटेल या भरवशावर डबा बंद करून बसतो. गयेच्या अनरशात खवा असतो आणि वर तीळ. तेही शहाणेच लोक.

पाच ते आठ दिवस पीठ मुरू द्यावं. या काळात करायचं काम एकच आहे, डबा न उघडणं. मी तिसऱ्या दिवशी उघडला. चौथ्या दिवशी उघडला. पाचव्या दिवशी उघडला तेव्हा मुटके मुटके राहिले नव्हते. डब्याच्या तळाशी सगळ्यांचं एकमत झालं होतं. पावसाळ्यात गुळाला नुसतं उघड्यावर ठेवलं तरी पाणी सुटतं. इथे तो दमट पिठात घट्ट बंद होता, आणि मी मधूनमधून झाकण काढून बाहेरची हवाही आत घालत होतो. पीठ सैल झालं होतं. बायकोने सोफ्यावरून, डावं बोट लावून पाहिलं आणि म्हणाली, "अहो, हे हसणार."

म्हणून ही खबरदारी ठळक अक्षरांत वाचावी: पीठ दळल्यावर त्यातलं दोन मुठी पीठ, गूळ न लावता, बाजूला ठेवून द्यावं. अनारसे हसले तर ते मिसळता येतं. हा सल्ला मला कोणी दिला नव्हता. बाजूला पीठ राहिलं ते मी चाळणी झटकायला विसरलो म्हणून. आणि पीठ उलट कोरडं झालं, थापताना चिरा पडल्या, तर चमचाभर दूध किंवा थोडं कुस्करलेलं पिकलेलं केळं घालावं. केळ्याने जाळी चांगली पडते. केळं जास्त झालं तर तो केळ्याचा मालपुवा होतो, मग त्याला वेगळं वाण शोधावं लागतं.

तळण्याचा दिवस. आमच्याकडे जुनी रीत अशी की अनारसे तळताना स्वयंपाकघरात कोणी हसायचं नाही. लहानपणी आम्हा भावंडांना याच कारणावरून अंगणात पिटाळलं जाई, आणि आत काय चाललंय याची कल्पना करून आम्ही बाहेर हसत असू. अर्थात रीतीमागचं कारण साधं आहे. कढईत तूप आहे, आच मंद ठेवायची आहे, आणि एका वेळी एकच अनारसा. तिथे कोणी धक्का मारायला नको.

कढई लहान आणि पसरट घ्यावी. केळीच्या पानावर किंवा प्लास्टिकच्या कागदावर खसखस भुरभुरून त्यावर लिंबाएवढा गोळा बोटांनी हलकेच थापावा, पुरीपेक्षा जाड. उचलून उलटा हातावर घ्यावा आणि खसखशीची बाजू वर ठेवून तुपात सोडावा. उलटायचा नाही. उलटला की खसखस तुपात जाऊन जळते आणि पुढचे सगळे अनारसे काळे ठिपके घेऊन जन्माला येतात. वरची बाजू शिजावी म्हणून झाऱ्याने कडेचं तूप त्याच्यावर उडवत राहायचं. जाळी या उडवण्यातच पडते. आतलं पाणी वाफ होऊन वर यायला धडपडतं, गूळ त्याला धरून ठेवतो, पीठ गुळाला धरून ठेवतं. यातल्या कोणाचाही हात सुटला तर पुढची गोष्ट आपण पहिल्याच ओळीत पाहिली आहे. तूप जास्त तापलं तर अनारसा वरून करपतो आणि आत घट्ट राहतो, कमी तापलं तर धरण्याआधीच पसरतो.

खसखशीबद्दल एक सूचना. परदेशी राहणाऱ्या मुलाबाळांना अनारसे पाठवायचे असतील तर देश पाहून पाठवावेत. संयुक्त अरब अमिराती, सौदी अरेबिया आणि सिंगापूर इथे खसखशीला बंदी आहे, कारण ती अफूच्या बोंडातली. दुबईच्या विमानतळावर 'हे धार्मिक वाण आहे आणि ते सच्छिद्र असावं लागतं' हे समजावून सांगण्याची वेळ कोणावर येऊ नये.

तर मी पहिला सोडला.

कडेने एक बुडबुडा आला. मग दुसरा. मग कडेचा एक तुकडा, अगदी सावकाश, पाहुणा न सांगता उठून जातो तसा, बाजूला झाला. त्याच्या मागे आणखी दोन. मी झारा आडवा लावला तर उरलेला मधोमध फाटला. अर्ध्या मिनिटात कढईत अनारसा नव्हता, नुसता रवा होता, तांबूस होत जाणारा आणि खमंग वासाचा. मी दुसरा सोडला, तो पहिल्याला भेटायला गेला. तिसऱ्याच्या वेळी बायको दारात उभी होती आणि तोंडावर पदर होता. रीत मोडली ती तिने, हे इथे नोंदवून ठेवतो.

मग चाळणीतलं विसरलेलं पीठ आलं. ते मिसळून, मळून, अर्धा तास ठेवून चौथा सोडला. तो राहिला. कडेने बुडबुडे आले, मध्ये जाळी पडत गेली, मी तूप उडवत राहिलो आणि तो शांतपणे बदामी झाला. काढून चाळणीत उभा ठेवला. अनारसे आडवे ठेवू नयेत, तूप आत राहतं. पाठीला पाठ लावून उभे करावेत म्हणजे निथळतात. त्या चाळणीकडे पाहत मी किती वेळ उभा राहिलो ते सांगत नाही. पाचवा तोवर कागदावरच वाळायला लागला होता.

हिशेब असा झाला. गोळे ३७. हसले तीन. राहिले ३४, त्यातला एक वाकडा झाला तो मीच खाल्ला. बरोबर ३३. मी झारा खाली ठेवला. तेवढ्यात आई आली, चाळणीतला सगळ्यात चांगला निवडून घेतला, दोन हातांनी मोडला, आतली जाळी उजेडाकडे धरून पाहिली आणि कवळीने सावकाश खाल्ला. वाणाआधी खाऊ नये, हे मला तिनेच पन्नास वर्षं सांगितलेलं. "दानाचं आधी पाहायला नको?" म्हणाली. "जाळी पडलीये. गूळ दाबून घेतलास ना?"

मी वजन केलं होतं, असं म्हणालो. तिने मान हलवली. तिच्या मते वजन करणं म्हणजे दाबून घेणंच.

तेहतिसावा परातीला चिकटलेलं, हाताला लागलेलं आणि डब्याच्या कडेचं पीठ खरवडून केला. तो दहाच्या नाण्याएवढा झाला. बाकीच्या ३२ च्या मध्ये तो फुलातल्या केसरासारखा दिसतो, असं मुलीने सांगितलं, कारण ती माझी मुलगी आहे. ताटात वाण रचलं, दिवा लावला, जावईबापूंना पाटावर बसवलं. त्यांनी वाकून नमस्कार केला आणि सगळ्यात आधी नेमका तो नाण्याएवढा उचलून तोंडात टाकला. "बाबा, असे छोटेच करायचे ना सगळे," म्हणाले.

हसलेल्या अनारशांचा चुरा फेकू नये. गाळणीने काढून, निथळून, गरम दुधात घालून वाटीने खावा. आमच्याकडे आता एकमत आहे की अनारशापेक्षा तो बरा लागतो, पण ३३ वाट्या चुरा वाण म्हणून देता येत नाही. उरलेल्या तुपाबद्दल म्हणाल तर, खाद्यपदार्थ विकणाऱ्यांसाठी १ जुलै २०१८ पासून नियम आहे की तळणात टोटल पोलर कंपाउंड्स २५ टक्क्यांच्या वर गेले की ते वापरायचं नाही. घरगुती तुपाची मर्यादा आई ठरवते. आमचं गाळून पुढे महिनाभर वरणावर आलं, खसखशीसकट.

चार दिवसांनी विहीणबाईंचा फोन आला. अनारसे सुरेख झाले होते, जाळी काय, रंग काय, पण पीठ कुठल्या दुकानातून आणलंत, आम्हालाही दिवाळीला हवंय. मी सांगायला तोंड उघडलं. पलंग, पंखा, चाळणी, तिसरा हसलेला, सगळं ओठांवर होतं. बायकोने डाव्या हाताने फोन घेतला आणि कोपऱ्यावरच्या दुकानाचं नाव सांगून टाकलं. फोन ठेवल्यावर म्हणाली, "खरं सांगितलं असतं तर दर दिवाळीला त्यांचेही तुम्हीच केले असते."

यात तथ्य होतं. आता तिचं मनगट पूर्ण बरं आहे. २०२६ चा अधिक ज्येष्ठ १७ मेला सुरू होतो, म्हणजे तांदूळ ५ मेला भिजायला हवेत. ते मीच घालायचे आणि या वेळी एक किलो घ्यायचे, असं घरात ठरलं आहे. ते मला जावयाकडून कळलं.